जर्व्हेस पिनकचा मित्र

ऑल्डकोममध्ये कुणालाही विचारा, जर्व्हेस पिनक कोण, तर तो आधी हसणार आणि मग टेकडीकडे बोट दाखवणार. टोपी वाऱ्याने उडू नये म्हणून एका हाताने धरलेली, दुसऱ्या काखेत कागदांचं बाड, पायात कधीकाळी चांगले असलेले बूट, असा हा उंच, खांद्यात वाकलेला गृहस्थ रोज दुपारी मेंढवाड्याच्या वाटेला लागलेला असायचा. विहिरीवरच्या बायका म्हणायच्या, "निघाली स्वारी!" त्याच्याबद्दल कुणी वाईट बोलत नसे. त्याच्याशीच फारसं कुणी बोलत नसे, एवढंच.

थोरले सर मार्माड्यूक होते तोवर जर्व्हेसला काम होतं. त्यांची पत्रं लिहायची, जेवताना काहीतरी वाचून दाखवायचं, घोडं मेलं तरी त्याच्यावर शोकगीत रचायचं. सर मार्माड्यूक गेले, त्यांच्यावरही शोकगीत झालं, एकशे बारा ओळींचं, आणि त्यानंतर त्या मोठ्या घरात जर्व्हेसचं काय करायचं हे कुणालाच कळेना. हाकलून द्यावं तर मयताची शेवटची इच्छा आड येत होती. मग सरांच्या मागे घर सांभाळणाऱ्या बाईसाहेबांनी त्याला दारू गाळायच्या खोलीवरची खोली दिली. तिथे बारा महिने आंबलेल्या जवाचा वास. जेवायला मोठ्या टेबलाच्या टोकाला जागा. तिथे बसून वाटाण्याची घट्ट आमटी आणि पाव खायचा, कुणी विचारलंच तर हवेबद्दल बोलायचं, आणि उठायचं. लग्न केलं नव्हतं. का नव्हतं केलं, हे कुणी विचारलंही नाही, आणि या गोष्टीचं त्याला आत कुठेतरी वाईट वाटायचं.

तर हा माणूस कविता करायचा. आणि कशावर? मेंढपाळांवर! तेवीस वर्षं एकच काव्य चाललेलं. त्यात पावा वाजवणारे देखणे मेंढपाळ होते, झऱ्याकाठी रुसून बसलेल्या मेंढपाळणी होत्या, वनदेवता होत्या, आणि मेंढ्या लांब कुठेतरी पांढऱ्या ठिपक्यांसारख्या. त्या काळी इंग्लंडात दर दुसरा लिहिणारा हेच लिहीत होता हो. पण बाकीचे शहरात बसून लिहायचे. आमच्या जर्व्हेसच्या खिडकीतून खऱ्या मेंढ्या दिसायच्या आणि त्यांचा वासही यायचा. तरी त्याच्या काव्यात कधी चिखल आला नाही.

हे सांगायला टेकडीवर एक माणूस होता. डन्स्टन क्रीड. बाईसाहेबांच्या कळपाचा मेंढपाळ, जर्व्हेसहून सातआठ वर्षांनी मोठा, दाढी पिंजारलेली, कमरेला डांबराची डबी. मेंढीला कुठे खरचटलं की लगेच डांबर लावायचं. डन्स्टनची बायको पाच वर्षांपूर्वी वारली होती, तेव्हापासून तो बहुतेक वरच राहायचा, चाकांच्या झोपडीत. जर्व्हेस वर यायचा, कुडाला टेकून उभा राहायचा आणि वाचायचा. डन्स्टन एखाद्या मेंढीला उताणी धरून तिची खुरं तासत असायचा.

"मास्तर, एक विचारू?"

"विचार की."

"तुमचा हा जो कोण आहे, सकाळपासनं गातोय, त्याची मेंढरं कोण बघतंय?"

"अरे, ते काव्य आहे. काव्यात मेंढरं आपोआप राखली जातात."

"आस्सं? मग मला तिथं नोकरी बघा ना." डन्स्टनने खुराची घाण बोटाने काढून गवताला पुसली. "आणि खुरं कुजत नाहीत वाटतं तिकडं?"

"नाही."

"सुखी आहेत लेकाचे. वाचा पुढं."

जर्व्हेस पुढे वाचायचा. डन्स्टनला कधी डुलकी लागायची, कधी तो मधेच "थांबा" म्हणून धावत जायचा, कारण एखादं कोकरू कुंपणात अडकलेलं असायचं. पण "आता पुरे" असं तो कधी म्हणाला नाही. जर्व्हेसला त्यात काही विशेष वाटलं नव्हतं. मेंढपाळच तो, त्याला दुसरं काय काम, असंच तो धरून चालला होता. शिकलेल्या माणसांची ही खोड असते, काय करणार!

जेम्स राजा गादीवर येऊन चौदा वर्षं झाली होती, त्या वसंतात जर्व्हेसच्या डाव्या डोळ्यापुढे धुकं येऊ लागलं. मेणबत्तीभोवती कडं दिसायचं. आता घाई केली पाहिजे, हे त्याच्या लक्षात आलं. डोळे जायच्या आत काव्य छापून झालं पाहिजे. निदान एक प्रत हातात धरता आली पाहिजे, कातड्याच्या बांधणीची, स्वतःच्या नावाची. तेवीस वर्षांत त्याने दुसरं काहीच मागितलं नव्हतं.

त्याने लंडनच्या यूस्टस लॉरिमर नावाच्या पुस्तकवाल्याला पत्र आणि नमुन्याची वीस पानं पाठवली. दर आठवड्याला लंडनला लोकर घेऊन जाणारा पिअर्स गाडीवाला पत्रंही न्यायचा. तीन आठवड्यांनी उत्तर आलं. उत्तर चांगलं होतं! नाही म्हटलं नव्हतं. पूर्ण काव्य पाठवा, वाचतो, असं लिहिलं होतं. फक्त खाली एक ओळ होती: "आणि रिवाजाप्रमाणे पुस्तकाच्या आरंभी घालण्यासाठी आपल्या कविमित्रांच्या स्तुतिपर कविता सोबत जोडाव्यात. तीन असल्या तरी पुरे. आपल्याला मित्र पुष्कळ असतीलच."

आता हा रिवाज काय, तर त्या दिवसांत पुस्तक एकट्याने लोकांपुढे जात नसे. आधी लेखकाच्या दोस्तांच्या कविता, 'माझ्या विद्वान मित्रास', 'माझ्या थोर स्नेह्यास', आणि मग पुस्तक. ज्याच्या पुस्तकापुढे कुणीच नाही तो लेखक म्हणजे लग्नाला एकटाच आलेला नवरदेव. लोक पान उलटायच्या आधीच हसायचे.

जर्व्हेस ते पत्र घेऊन खिडकीशी बसला. मित्र. त्याने बोटं मोजायला घेतली आणि पहिल्याच बोटावर अडला.

ऑक्सफर्डला त्याच्या खोलीत राहणारा एक जण होता. त्याला पत्र गेलं. दुसरा सर मार्माड्यूकांचा पुतण्या, लंडनला कायदा शिकलेला, कधीकाळी त्याच्या कवितांना "वा वा" म्हणालेला. त्यालाही गेलं. जर्व्हेस दर शनिवारी चौकात पिअर्सची गाडी येईपर्यंत उभा राहू लागला. पिअर्स मोठा मिस्कील माणूस. लांबूनच ओरडायचा, "मास्तर, राजाने आज काही पाठवलं नाही हो!" लोक हसायचे. जर्व्हेसही हसायचा, आणि गाडी रिकामी होईपर्यंत तिथून हलायचा नाही.

पुतण्याचं उत्तर आलंच नाही. ऑक्सफर्डवाल्याचं आलं. मोठं प्रेमळ पत्र होतं. "प्रिय पिनक, तुझ्या धाकट्या मुलीच्या लग्नाची बातमी ऐकून फार आनंद झाला..." त्याने हा पिनक भलताच कुणीतरी धरला होता. कवितेचा पत्ताच नव्हता. जर्व्हेसने ते पत्र दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचताना त्याला खरंच क्षणभर वाटून गेलं की आपल्याला एक धाकटी मुलगी आहे. मग त्याने पत्राची घडी केली आणि ते पेटीच्या तळाशी ठेवून दिलं.

तिसऱ्या दिवशी त्याने ठरवलं. मित्र नाहीत ना? मग करू. गावात खोटं बोलणारे थोडे का होते? आपण तर फक्त तीनच माणसं बनवणार.

पहिला मित्र त्याने सरदार घराण्यातला केला. नाव नाही, नुसती आद्याक्षरं, मोठी माणसं तसंच करतात. त्याच्या कवितेत सगळे देव उतरले आणि जर्व्हेसच्या डोक्यावर पानांचा मुकुट ठेवून गेले. दुसरा मित्र वैद्य. त्याने लॅटिनमध्ये लिहिलं, आणि आपल्याला स्वतःलाच त्यातलं एक क्रियापद नीट लागत नाही म्हणून जर्व्हेस दोन दिवस झुरला. या दोघांना आठवडा गेला. तिसऱ्यासाठी त्याच्याकडे देव उरले नव्हते.

त्या दुपारी तो टेकडीवरून भिजून आला होता. मोजे काढून शेकोटीशी टाकले, पाय चोळले आणि कंटाळून, जरा चिडूनच, कागद ओढला. उरकून टाकू म्हणाला. वर नाव लिहिलं, ह्यू बॅरो. हे नाव कुठून आलं कोण जाणे. आणि मग त्याचा हात न थांबता चालला. आठच ओळी. त्यांत देव नव्हते, पावा नव्हता. ह्यू बॅरो म्हणत होता की काव्य बरं की वाईट हे मला समजत नाही, पण हा माणूस मला ठाऊक आहे. हा चढण चढताना मधेच थांबतो आणि मागे वळून बघतो, सोबत कुणी येतंय का म्हणून. कुणी नसतं. मग आपण ढगच बघत होतो असं दाखवतो. वाचणाऱ्या, तुला सवड असेल तर चार पावलं चाल याच्याबरोबर. मी पुष्कळ चाललोय, मला कधी कंटाळा आला नाही.

लिहून झालं आणि जर्व्हेसने ते वाचलंसुद्धा नाही. साधंच झालंय, शेवटी घालू, कुणाच्या लक्षात येणार नाही, असं म्हणून त्याने वाळू टाकून शाई वाळवली. सगळं बाड मेणकापडात बांधून पिअर्सच्या हाती दिलं.

"जड आहे हो मास्तर! मेंढरंच भरलीयत काय आत?"

"आहेत थोडी," जर्व्हेस म्हणाला. त्या दिवशी तो खुशीत होता. टेबलाच्या टोकाला बसून त्याने चक्क दुसऱ्यांदा आमटी मागून घेतली.

उन्हाळा गेला. मेंढ्या कातरून झाल्या, कातरणीच्या जेवणावळीत डन्स्टनने गाणं म्हटलं, सूर सोडून. सप्टेंबरात एका शनिवारी पिअर्सने लांबून काहीच ओरडा केला नाही. जवळ आल्यावर मेणकापडाचं तेच गाठोडं मुकाट्याने पुढे केलं. ते उघडलेलं होतं आणि पुन्हा बांधलेलं होतं. वर पत्र.

जर्व्हेसने ते तिथेच, चर्चच्या दगडी भिंतीला टेकून वाचलं. अक्षर बारीक होतं, कागद उजव्या डोळ्याजवळ धरावा लागला.

लॉरिमर भला माणूस असावा. त्याने आडवळणाने लिहिलं होतं, पण अर्थ एवढाच की मेंढपाळांचं काव्य आता फार झालं, बाजारात मेंढ्यांपेक्षा मेंढपाळ जास्त झालेत, हे मला छापता येणार नाही. पुढे मात्र अक्षर मोठं झालं होतं. "परंतु आपले मित्र श्री. ह्यू बॅरो यांचा पत्ता कृपया कळवावा. त्यांच्या आठ ओळी मी माझ्या पत्नीला वाचून दाखवल्या. ती बराच वेळ बोलली नाही, आणि ती सहसा गप्प बसत नाही. त्यांनी लिहिलेलं आणखी जे असेल ते मी आनंदाने छापीन. असा मित्र लाभला हे आपलं भाग्य."

जर्व्हेस पहिल्यांदा हसला. खरंच हसला, तोंडावर हात ठेवून. मग खोलीवर जाऊन दार लावून बसला.

अहो, केवढी सोपी गोष्ट होती! 'तो मीच' एवढं लिहायचं होतं. पुस्तक झालं असतं, लहानसं का होईना, आणि डोळे शाबूत असेपर्यंत हातात धरता आलं असतं. त्याने तसं लिहायला घेतलंही. 'महाशय, त्या ओळी माझ्याच' इथवर आला आणि थांबला. कारण पुढे काय लिहिणार? की मला कुणी मित्र नव्हता म्हणून मीच माझा मित्र झालो? की चढणीवर मागे वळून बघणारा तो मी, आणि मी तसा बघतो हे जगात फक्त मलाच ठाऊक आहे? लॉरिमर ते दुकानात चारचौघांना सांगणार. सांगणारच, इतकी मजेची गोष्ट कोण सोडतो! बायकोलाही सांगणार, आणि मग ती गप्प बसणार नाही. खोलीत एकटा असूनही जर्व्हेसचे कान लाल झाले.

मग दुसरा मार्ग. ह्यू बॅरोच्या नावाने आणखी लिहावं. तो सहा दिवस त्या खटपटीत होता. 'नदीवर, ह्यू बॅरोकृत.' दोन ओळींत नदीतून जलदेवता वर आली. 'माझ्या घरावर.' घरात मेंढपाळ शिरला, पावा घेऊन. छे! ह्यू बॅरोला जगात एकच विषय येत होता, जर्व्हेस पिनक. आणि त्या विषयावर त्याला सांगायचं होतं ते सगळं आठ ओळींत सांगून झालं होतं.

सातव्या दिवशी सकाळी त्याने पत्र लिहिलं, चारच ओळींचं. 'कळवण्यास अत्यंत दुःख होते की माझे मित्र ह्यू बॅरो गेल्या महिन्यात तापाने वारले. त्यांच्यामागे दुसरे काही लेखन नाही.' पत्र पिअर्सला दिलं. गाडी वळणाआड गेली. आणि जर्व्हेस पिनक चर्चच्या भिंतीशी उभा राहून रडायला लागला. हे त्याचं त्यालाच चमत्कारिक वाटलं. जो माणूस कधी नव्हताच त्याच्यासाठी काय रडायचं? पण रडू थांबेना. आपल्याला चांगलं ओळखणारा एकच जण होता आणि त्याला आपण आपल्या हाताने मारला, असं काहीतरी त्याच्या छातीत दुखत होतं.

नेमका त्याच वेळी डन्स्टन क्रीड डांबर आणायला खाली आला होता.

"मास्तर? अहो, काय झालं?"

जर्व्हेसने तोंड फिरवलं. काहीतरी सांगणं भाग होतं. "माझा एक मित्र वारला."

डन्स्टनने डबी खाली ठेवली आणि डोक्यावरची टोपी काढली. "कुठं?"

"लांब. ऑक्सफर्डकडे."

"नाव?"

"ह्यू बॅरो."

"तिकडं घंटा वाजवली कुणी त्याच्यासाठी?"

"मला... मला ठाऊक नाही, डन्स्टन."

"म्हणजे नसणारच." डन्स्टनचा चेहरा गंभीर झाला. आमच्याकडे जुनी माणसं मानतात की घंटा न वाजता गेलेला जीव वाटेतच कुठेतरी बसून राहतो. शिकलेले धर्मगुरू याला हसतात, पण ते त्या दिवशी गावात नव्हते. "थांबा इथं. क्रिस्पिन माझा मेव्हणाच आहे, माझ्या शब्दाबाहेर नाही."

"नको, डन्स्टन! अरे, कशाला? ऐक तर..."

डन्स्टन ऐकायला होता कुठे! तो आत गेलासुद्धा, आणि घंटा वाजवणाऱ्या क्रिस्पिनला बाहेर घेऊन आला. क्रिस्पिन हात पुसत होता. पुरुषासाठी आधी नऊ टोले, मग त्याच्या वयाचे, वर्षाला एक.

"वय काय होतं हो मास्तर त्यांचं?" क्रिस्पिनने विचारलं.

याचा जर्व्हेसने कधी विचारच केला नव्हता. तोंडातून निघालं ते स्वतःचंच. "अठ्ठावन्न."

नऊ टोले झाले. मग मोजणीचे सुरू झाले, एकेक, मधे मोठी जागा सोडून. विहिरीवरच्या बायकांनी घागरी खाली ठेवल्या. वरच्या शेतात दोघे नांगर थांबवून उभे राहिले. सगळं ऑल्डकोम बोटं मोजत होतं, कोण गेलं म्हणून, आणि कुणाला कळत नव्हतं. जर्व्हेसला वाटलं, आपण आता इथे भिंतीतच शिरावं.

डन्स्टन त्याच्या शेजारी टोपी छातीशी धरून उभा होता. वीसेक टोले त्याने ओठांतल्या ओठांत मोजले. मग समोर बघतच म्हणाला, "जवळचा होता?"

"हो."

"तेवीस वर्षांत एकदाही नाव नाही काढलंत त्याचं."

जर्व्हेस स्वतःच्या बुटांकडे बघू लागला.

"नाही, तसं काही नाही. सांगायलाच पाहिजे असं थोडंच आहे?" डन्स्टनने टोपीची कड बोटांत फिरवली. "मला आपलं वाटायचं, मास्तरांना कुणी नाही. म्हणून मी ऐकत बसायचो. मला त्यातलं ओ का ठो कळत नव्हतं हो, खरं सांगतो. सुरवातीला दोनचार वर्षं तर जीव नकोसा व्हायचा. पण म्हटलं, हा माणूस एवढी चढण चढून येतो, त्याला दुसरं कोण आहे? आणि मग सवय झाली. बायको गेल्यावर तर मी वाटच बघायचो, कधी येतात म्हणून." तो जरासा हसला, पण त्याला लागलेलं होतं हे जर्व्हेसला स्पष्ट दिसलं. "तुम्हाला एवढा जिवाचा दोस्त होता, हे बरं झालं. मी उगाच काहीतरी धरून चाललो होतो."

घंटा वाजत होती. जर्व्हेसने त्याच्याकडे पाहिलं. ती पिंजारलेली दाढी, डांबराने काळी झालेली नखं. तेवीस वर्षं तो कुडाला टेकून याच माणसापुढे वाचत आला होता, आणि मित्र मोजायला बसला तेव्हा या माणसापाशी त्याचं बोट अडखळलंसुद्धा नव्हतं. आता नाही बोललो तर पुन्हा कधीच नाही, असं वाटून त्याने डन्स्टनची बाही घट्ट धरली.

"डन्स्टन, असा कुणी नव्हता. ऐकतोयस ना? ह्यू बॅरो नावाचा कुणी माणूस नव्हताच! मला कुणी नव्हतं. तूच होतास. तूच, बाबा."

डन्स्टनने त्याच्या हातावर आपला हात ठेवला. त्याचे डोळे भरून आले होते.

"हो, हो," तो हळूच म्हणाला. "सुरवातीला असंच वाटतं, मास्तर. माझी ॲलिसन गेली तेव्हा मीही हेच म्हणत हिंडत होतो, अशी कुणी नव्हतीच म्हणून. होईल हळूहळू सवय. रडा तुम्ही."

वर क्रिस्पिनचे अजून वीस टोले राहिले होते. डन्स्टनला मेंढ्यांकडे जायची घाई होती, पण तो ते पुरे होईपर्यंत थांबला.